जादूची पेन्सिल आणि पोराचे पासबुक

१४ एप्रिलच्या रात्री वस्तीतल्या स्टेजवर एखादे पोर जीव तोडून नाचते, नाहीतर लहानग्या भिवाची भूमिका करताना साऱ्या मंडपाला रडवते. खाली सतरंजीवर बसलेल्यांपैकी कोणीतरी हमखास म्हणतो, "याला मुंबईला पाठवा हो, टीव्हीवर चमकेल." पोराची माय पदराआड हसते, बाप मान डोलावतो आणि सकाळी दोघे आपापल्या कामाला लागतात. पण ते वाक्य घरातून जात नाही. पोरगा आरशापुढे उभा राहू लागतो, माय शेजारणीला विचारू लागते आणि मग आम्हाला विचारणा होते, "आमच्या लेकराला मालिकेत घालायचे असेल तर काय करावे?"

हिंगोली असो की कळमनुरी, वसमत, औंढा, सेनगाव, ही विचारणा अलीकडे वाढली आहे आणि त्याला कारणही आहे. मे २०१९ मध्ये स्टार प्रवाहवर 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर : महामानवाची गौरवगाथा' ही मालिका सुरू झाली. त्याच वर्षी डिसेंबरात अँड टीव्हीवर हिंदीत 'एक महानायक : डॉ. बी. आर. आंबेडकर' आली. हिंदी मालिकेतला छोटा भीमराव आयुध भानुशाली याने केला. घरोघरी लेकरे त्याच्यासारखी बोलू लागली. पुढे कथेतला भीमराव मोठा झाला आणि त्या जागी अथर्व कर्वे हा दुसरा मुलगा आला. यात कोणाचा दोष नाही, कथेची गरजच तशी. पण तुमचे लेकरू तिकडे पाठवण्याआधी ही गोष्ट नीट ध्यानात घ्या. पडद्यावरच्या लहान मुलाची नोकरी उंची वाढली की संपते. चांगले काम केले म्हणून ती टिकत नाही.

म्हणून यावेळी आम्ही सल्ला देण्याऐवजी एका मुलाची हकीकत सांगणार आहोत. त्याचे नाव किंशुक वैद्य. नावावरून कोणाला ओळख पटणार नाही. पण 'शाका लाका बूम बूम' म्हटले की आज तिशी ओलांडलेली आपली मुले लगेच ताठ बसतील.

ही मालिका ज्यांना आठवत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. संजू नावाच्या एका साध्या शाळकरी पोराला एक पेन्सिल सापडते. तिने जे काढावे ते खरे होते. सफरचंद काढले की सफरचंद, सायकल काढली की सायकल. ज्या घरात दोन वह्यांसाठीसुद्धा बापाला पगाराची वाट पाहावी लागते, त्या घरातल्या लेकराला अशी गोष्ट किती गोड लागत असेल! केबल सगळ्यांकडे नव्हती. ज्याच्याकडे असेल त्याच्या उंबऱ्यावर पोरांच्या चपलांचा ढीग पडायचा. टोकाला छोटे मुंडके लावलेल्या तशा पेन्सिली शाळेपुढच्या दुकानांतही आल्या. कितीतरी पोरांनी भिंती रंगवल्या आणि मार खाल्ला.

तो संजू म्हणजे किंशुक. मुंबईतल्या मराठी घरातला, जन्म १९९१ चा. १९९९ मध्ये 'धांगडधिंगा' या मराठी चित्रपटात तो दिसला. पाठोपाठ २००० साली 'राजू चाचा' हा हिंदी चित्रपट आला, त्यात अजय देवगण, काजोल, ऋषी कपूर यांच्यासोबत तो होता. मग स्टार प्लसवर संजू. त्याच मालिकेत हंसिका मोटवानी होती, ती पुढे दक्षिणेतल्या चित्रपटांची नायिका झाली. मधुर मित्तल होता, तो २००८ च्या 'स्लमडॉग मिलेनियर'मध्ये नायकाचा मोठा भाऊ झाला. २००४ मध्ये मालिका संपली तेव्हा किंशुक तेरा वर्षांचा होता.

आता एक गंमत पाहा. स्टार प्लसच्या आधी ही मालिका दूरदर्शनवर आली होती, तेव्हा संजू दुसराच मुलगा होता. म्हणजे पेन्सिल तीच, संजू हे नाव तेच, पोर मात्र बदलले. आधीच्या मुलाचे नाव आज फार थोड्यांना आठवते. आम्ही ज्याला आपला संजू, आपला भिवा म्हणतो, तो खरे तर त्या पात्राचा अंगरखा असतो. अंगरखा कंपनीचा, आत शिरणारे लेकरू तात्पुरते.

तेराव्या वर्षी मुलाचा आवाज फुटतो, ओठावर लव येते. 'गोड पोरगा' म्हणून घ्यावे तर तो गोड उरलेला नसतो आणि नायक म्हणून घ्यावे तर अजून पोरच असतो. या मधल्या वयाला पडद्यावर फारशी जागा नाही. किंशुकने त्या काळात अभिनय बाजूला ठेवला आणि शिक्षण पुरे केले. तो पुन्हा मालिकेत नायक म्हणून दिसला तो थेट २०१६ मध्ये, सोनी वाहिनीवरच्या 'एक रिश्ता साझेदारी का' या मालिकेत. मध्ये बारा वर्षे गेली! मग २०१८ मध्ये 'कर्णसंगिनी'त त्याने अर्जुन केला, 'राधाकृष्ण' या मालिकेतही अर्जुन केला. आज तो कामाचा नट आहे. पण लोक भेटले की पेन्सिलचीच आठवण काढतात.

ही हकीकत दुःखाची नाही, आणि म्हणूनच आम्ही ती निवडली. वर्तमानपत्रांना बालकलाकाराची बरबादी छापायला आवडते. बरबादी वाचून आपण हळहळतो आणि 'आपल्या घरात असे होणार नाही' म्हणत पान उलटतो. किंशुकचे सगळे बरे झाले. पण बरे झाले तरी मध्ये बारा वर्षांचा खड्डा होता. तो खड्डा कशाने भरला? शाळेने आणि घराने. त्या बारा वर्षांत पोरगा काय खाणार, फी कोण भरणार, हे प्रश्न ज्या घराला पडत नाहीत, त्या घरातले मूल थांबू शकते, शिकू शकते आणि हवे तेव्हा परतू शकते. आमचा वाचक सूतगिरणीत, हळदीच्या आडतीवर, एसटीच्या डेपोत, लोकांच्या शेतात राबणारा आहे. त्याने आपल्या घरात असा खड्डा भरायला काय आहे, हे आधी मोजावे.

याच काळातली दुसरी मुलगी झनक शुक्ला. २००३ मध्ये स्टार प्लसवर 'करिश्मा का करिश्मा' आली. त्यातली यंत्रमुलगी करिश्मा म्हणजे ही झनक. मूळ कल्पना 'स्मॉल वंडर' या अमेरिकन मालिकेची. त्याच वर्षी 'कल हो ना हो'मध्ये ती शाहरुख खानसोबत दिसली. तिची आई सुप्रिया शुक्ला स्वतः मालिकांतली नटी. म्हणजे दार उघडेच होते. तरी वयात येताच झनकने काम सोडले आणि शिकायला बसली. कशाचे शिक्षण? पुरातत्त्वाचे! मातीखाली गाडलेली जुनी गावे, खापरे, नाणी यांचे. त्यात तिने एम.ए. केले. पुढे मुलाखतींतून तिने मोकळेपणाने सांगितले, की लहानपणी वाटले होते चोविशीपर्यंत आपण भरपूर कमावू, पण तसे झाले नाही. मात्र सोडल्याची खंत तिच्या बोलण्यात दिसत नाही. आम्हाला ही मुलगी आवडली. वाहवा चालू असताना उठून जाणे मोठ्या माणसांनाही जमत नाही.

आमच्या पिढीला 'मालगुडी डेज'मधला स्वामी आठवत असेल. दूरदर्शनवर १९८६-८७ च्या सुमारास शंकर नाग यांनी ती मालिका केली, कर्नाटकातल्या आगुंबे गावात. स्वामी झालेला मंजुनाथ पुढे शिकला आणि बंगळुरात जनसंपर्काच्या नोकरीत गेला. त्याचेही ठीकच झाले.

मग कोणाचे ठीक होत नाही?

त्याच बंगळुरातून घर सोडून शफीक सय्यद नावाचा एक पोरगा मुंबईला पळून गेला होता. रस्त्यावर राहायचा. मीरा नायर यांनी त्याला 'सलाम बॉम्बे'मध्ये घेतले. रस्त्यावरच्या पोराची भूमिका रस्त्यावरच्या पोरानेच केली. १९८८ साली चित्रपट आला, ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला, शफीकला उत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. साऱ्या जगाने टाळ्या वाजवल्या. नंतर काम मिळेना. तो बंगळूरला परतला आणि ऑटोरिक्षा चालवू लागला. रिक्षा चालवण्यात कमीपणा नाही, आपल्यातले कितीजण रिक्षावर संसार करतात. सवाल असा, की किंशुक, झनक आणि मंजुनाथ यांच्या मागे शाळा होती, शफीकच्या मागे काय होते? पुरस्काराचे पदक दाखवून कोणी कॉलेजात प्रवेश देत नाही. त्या चित्रपटातून रस्त्यावरच्या मुलांसाठी 'सलाम बालक ट्रस्ट' ही संस्था उभी राहिली, तिने पुढे कितीतरी मुलांना सांभाळले, हेही सांगितले पाहिजे.

आणि आपल्या जवळचा सोमनाथ अवघडे. टीव्हीवरचा नव्हे, चित्रपटातला. पण 'फँड्री'तला जब्या पाहून ज्याच्या पोटात कालवले नाही असा आपल्या वस्तीत कोण असेल? करमाळा तालुक्यातल्या केम गावचा हा मुलगा हलगी वाजवायचा. नागराज मंजुळे यांच्या नजरेस तो पडला आणि जब्या सापडला. त्या भूमिकेला २०१३ चा बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यानंतर तो नायक म्हणून 'फ्री हिट दणका'त दिसला २०२१ मध्ये. मध्ये पुन्हा सात-आठ वर्षे! पुरस्कारानंतर फोन वाजतच राहील असे सगळ्यांना वाटते. फोन सत्काराला बोलावण्यासाठी वाजतो. हारतुरे, नारळ, शाल. शालीने घर चालत नाही.

रिंकू राजगुरूचे उदाहरण त्यात थोडे वेगळे. 'सैराट' २०१६ च्या एप्रिलात आला तेव्हा अकलूजची ही मुलगी शाळकरीच होती. शाळेत जाणे मुश्किल झाले, इतकी गर्दी. पण तिने बाहेरून का होईना दहावीची परीक्षा दिली, २०१७ मध्ये ६६ टक्के मिळवले, आणि २०२० मध्ये बारावीला ८२ टक्के. सारा महाराष्ट्र आर्चीचे संवाद पाठ करत होता तेव्हा ती पुस्तके पाठ करत होती. ज्यांना शाळेत जाता येत नाही त्यांच्यासाठी आपल्या मंडळाचा सतरा नंबरचा फॉर्म आहे, हे आपल्याकडे लग्न झालेल्या मुलींनाही ठाऊक असते. पण तो शेवटचा उपाय समजावा, पहिला नव्हे.

आता पैशाकडे येऊ. 'पोर टीव्हीवर गेले की घर बांधून होते' असा समज आहे, त्यात किती पाणी आहे ते पाहू.

मुंबईत मालिकांचे काम गोरेगावच्या चित्रनगरीत, मढला, मीरा रोडकडे, नायगावला चालते. रोजच्या मालिकेला रोज नवा भाग लागतो, त्यामुळे मोठ्यांची पाळी बारा तासांची. काम केल्यावर पैसे हाती यायला तीन-तीन महिने लागतात, ही तिथली रीतच होऊन बसली आहे. म्हणजे पहिले तीन महिने खोलीभाडे, प्रवास, खाणे सगळे आपल्या खिशातून. मध्ये काम मिळवून देणारा माणूस असतो, त्याला ते 'कोऑर्डिनेटर' म्हणतात, त्याचा हिस्सा वेगळा. आणि लहान मुलासोबत घरचे एक माणूस दिवसभर बसून राहिलेच पाहिजे. आमच्या घरात दोघेही कमावतात म्हणून चूल पेटते. त्यातली एक मजुरी बंद करून माय सेटवर खुर्ची धरून बसली, तर गावाकडे उरलेल्या दोन लेकरांचे काय? तेव्हा पोर कमावते त्यातून मायची बुडालेली मजुरी आधी वजा करा. २०२४ पासून जनशताब्दी हिंगोलीपर्यंत येते म्हणून मुंबई जवळ आल्यासारखी वाटते. गाडी जवळ आली, मुंबई तेवढीच महाग आहे.

पैसे आलेच, तरी ते कोणाचे? हा प्रश्न शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेत उभा राहिला होता. चार्ली चॅप्लिनचा 'द किड' हा चित्रपट १९२१ चा. त्यातल्या फाटक्या कपड्यातल्या लहानग्याचे नाव जॅकी कूगन. चित्रपट चालला, पोराने तीस-चाळीस लाख डॉलर कमावले असे म्हणतात. एकविसाव्या वर्षी हिशेब मागायला गेला तर तिजोरी रिकामी! वडील अपघातात गेले होते, आईने आणि सावत्र बापाने पैसा उडवला होता. १९३८ मध्ये त्याने आईवर दावा लावला. त्या वेळच्या कायद्याने मुलाची कमाई ही आईबापाची मालमत्ता ठरत होती. शेवटी हाती आले सव्वा लाख डॉलर. एवढा बोभाटा झाल्यावर १९३९ मध्ये कॅलिफोर्निया राज्याने कायदा केला आणि मुलाच्या कमाईतला हिस्सा बाजूला ठेवायची सोय झाली. लोक त्याला आजही कूगनचा कायदा म्हणतात. जॅकी पुढे टक्कल पडल्यावर टीव्हीवर विनोदी कामे करत राहिला.

कायदा झाला म्हणून सगळे थांबले नाही. अमेरिकेतच 'डिफरंट स्ट्रोक्स' ही मालिका १९७८ पासून १९८६ पर्यंत चालली. तिच्यातला गॅरी कोलमन हा काळा मुलगा देशभर लाडका होता. १९८९ मध्ये त्याने आपल्या दत्तक आईबापांवर आणि आर्थिक व्यवहार पाहणाऱ्या माजी व्यवस्थापकावर दावा लावला, १९९३ मध्ये कोर्टाने सुमारे १२ लाख ८० हजार डॉलर त्याला देवविले. तरीही १९९९ मध्ये त्याला दिवाळे जाहीर करावे लागले. मधल्या काळात तो पहारेकऱ्याची नोकरी करत होता.

आईबाप वाईटच असतात असे आम्ही म्हणत नाही. आमच्या मायबापांनी पोटाला चिमटा घेऊन आम्हाला शिकवले, ते आम्ही विसरू कसे? पण दहा वर्षांच्या पोराच्या पैशावर घराचा हप्ता सुरू झाला, की घराची वागणूक बदलते. पोराला ताप आला तरी 'आजचा दिवस कर' म्हटले जाते. पोर चिडले तर बाप बोलायला कचरतो. थोरल्या बहिणीच्या परीक्षेपेक्षा धाकट्याचे शूटिंग मोठे होते.

आपल्या देशात आता याला नियम आहेत आणि ते फार थोड्यांना माहीत आहेत, म्हणून जरा सविस्तर सांगतो. बालकामगार कायदा २०१६ मध्ये बदलला. चौदा वर्षांखालील मुलाला कामावर ठेवण्यास बंदी झाली, पण दोन सवलती ठेवल्या. एक, शाळा सुटल्यावर किंवा सुट्टीत घरच्या धंद्यात मदत. दुसरी, चित्रपट, मालिका, जाहिराती यांत कलाकार म्हणून काम. (पहिल्या सवलतीबद्दल आमचे मत कडू आहे. 'घरचा धंदा' म्हणजे आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या गळ्यात बांधलेला धंदा, आणि त्यातूनच तर सुटायचे आहे. पण तो विषय पुन्हा केव्हातरी.) सर्कस मात्र या सवलतीत नाही.

दुसऱ्या सवलतीचे नियम २०१७ मध्ये आले. मुलाकडून दिवसात पाच तासांहून जास्त काम घ्यायचे नाही आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून जास्त नाही. सलग २७ दिवसांपुढे कामाला लावायचे नाही. जिथे शूटिंग असेल त्या जिल्ह्याच्या दंडाधिकाऱ्यांची, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्याने आधी घ्यायची. त्यासाठी 'फॉर्म सी' नावाचे हमीपत्र भरायचे, मुलांची यादी आणि आईबापांची संमती जोडायची. हे हमीपत्र सहाच महिने चालते. शाळा बुडणार नाही, खाणे वेळेवर मिळेल, राहण्याची जागा स्वच्छ असेल, हे सारे त्यात लिहून द्यायचे असते. दर पाच मुलांमागे निदान एक जबाबदार माणूस नेमायचा. मुलाच्या मनाविरुद्ध त्याला कामाला लावायचे नाही. आणि सर्वांत महत्त्वाचे: मुलाच्या कमाईतला किमान २० टक्के हिस्सा थेट राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावाने मुदत ठेवीत टाकायचा. तो त्याला सज्ञान झाल्यावर मिळतो.

पाच तास! बारा तासांच्या पाळीत पाच तास कसे बसवतात, हे तिथे बसलेल्या मायलाच ठाऊक. नियम कागदावर उत्तम आहे, पण घड्याळ कोणाच्या हातात असते? निर्मात्याच्या. कामावरून काढतील या भीतीने माय बोलत नाही. आपल्यापैकी ज्यांनी मुकादमाच्या हाताखाली ऊस तोडला आहे, त्यांना हे समजावून सांगायची गरज नाही. कोयता असो की कॅमेरा, तास मोजायला लागणाऱ्या मजुरालाच 'भांडखोर' म्हणतात. आणखी एक उणीव. नियम २० टक्क्यांवर बोलतो, उरलेल्या ८० टक्क्यांवर गप्प आहे. ते घरच्यांच्या शहाणपणावर सोडले आहे. चौदा पूर्ण झालेल्या मुलाला तर हे कलाकारांचे नियम लागूच होत नाहीत, आणि नेमके तेच वय आम्ही वर सांगितलेल्या खड्ड्याचे.

हे झाले खऱ्या कामाचे. खोट्या कामाचा बाजार याहून मोठा आहे. तालुक्याच्या गावी एखाद्या मंगल कार्यालयात 'बालकलाकार निवड' असे फलक लागतात. नोंदणीचे पाचशे, मग निवड झाली म्हणून फोटोच्या अल्बमचे काही हजार, मग मुंबईच्या 'वर्कशॉप'चे आणखी काही. फोन बंद होईपर्यंत पैसे जात राहतात. एका भगिनीने असेच लेकीसाठी कानातले मोडल्याचे आम्हाला सांगितले. नवरा रागावेल म्हणून तिने तक्रारही केली नाही. भगिनींनो, एवढे ध्यानात ठेवा: ज्याला तुमचे लेकरू खरोखर हवे आहे तो तुम्हाला पैसे देतो, तुमच्याकडून घेत नाही. निवडीसाठी कोणी रुपया मागितला, की तिथून उठून यावे. लेकराला एकटे खोलीत न्या, आईबाप बाहेर थांबा, असे कोणी म्हटले तर त्याच क्षणी उठून यावे. मुलांच्या मदतीसाठी १०९८ हा फोन नंबर आहे, तो फुकट लागतो.

मग काय, लेकराने नाचूच नये? तसे कोण म्हणतो! आपल्याकडे जलसे झाले, कलापथके झाली, बापाच्या खांद्यावर बसून पोरे गाणी शिकली. त्यात पोर स्टेजवरून उतरून सकाळी शाळेत जायचे. शाळेचे स्नेहसंमेलन, बालनाट्याच्या स्पर्धा, जयंतीचे कार्यक्रम, यांत लेकराला खुशाल घालावे. तिथे पडले तरी पुन्हा उभे राहायला जागा असते. नट व्हायचेच असेल तर बारावीनंतर नाट्यशास्त्र शिकवणारी विद्यापीठे आहेत, संभाजीनगरचे आपले डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठ त्यातले एक. मोठ्या वयात शिकून गेलेल्या नटाला कोणी उंची वाढली म्हणून काढून टाकत नाही.

आणि मुंबईहून खरेच बोलावणे आले, तर पिशवी भरण्याआधी एक काम करा. लेकराचा जन्मदाखला, आधार कार्ड आणि फोटो घेऊन राष्ट्रीयीकृत बँकेत जा आणि त्याच्या नावाने खाते काढा. दहा वर्षांवरच्या मुलाला स्वतःच्या सहीने बचत खाते चालवता येते. करारावर सही करण्याआधी तो कोणा वकिलाला, नाहीतर शाळेतल्या गुरुजींना वाचून दाखवा. फॉर्म सी ची प्रत मागा, मुदत ठेवीची पावती कधी मिळणार ते लिहून घ्या. मुख्याध्यापकांकडून किती दिवसांची रजा मिळते ते आधी विचारा. पासबुक मात्र लेकराच्याच हातात द्या आणि दर महिन्याला त्यातले आकडे त्याच्याकडूनच वाचून घ्या.